अंदाजे चारपर्यंत

माझी मावशी शिंपीण. मापाला इतकी कडक, की कापडाला कात्री लावण्याआधी टेप दोनदा धरायची. तिच्या दुकानाच्या छतातला पाइप गळायला लागला, तेव्हा तिने गल्लीतल्याच प्लंबरला बोलावलं.

"अंदाजे चारपर्यंत येतो, ताई," तो म्हणाला. मावशी दाराकडे डोळे लावून बसली. दुसऱ्या दिवशी तेच, तिसऱ्या दिवशीही तेच. चौथ्या सकाळी दुकान उघडलं, तर गिऱ्हाइकांचे शिवून ठेवलेले कपडे भिजून चिंब आणि एकाचा रंग दुसऱ्याला लागलेला. मग हा आला आणि वर दात काढून म्हणतो, "अंदाजे म्हणजे अंदाजेच की हो!"

मावशीने मनात डूख धरला.

वर्षभराने त्या मेल्या प्लंबरच्या लेकीचं लग्न ठरलं आणि तो कोट शिवायला तिच्याकडेच आला. तिने हसून माप घेतलं. कोट मात्र लग्नाच्या सकाळीच हाती दिला. त्याने तो तिथेच चढवला. हात छातीच्या वर जाईनात.

"ताई, माप घेतलं होतंत ना?"

"घेतलं होतं की. अंदाजे."

"अहो, दुपारी लग्न आहे! दुरुस्त कधी करून देणार?"

"अंदाजे चारपर्यंत," म्हणत मावशीने दुकानाला कुलूप घातलं.

तो कोट बेतताना कापड मी धरलं होतं, म्हणून सांगते. काखेत बरोबर दोन बोटं कमी पडावीत, यासाठी तिने टेप दोनदा नाही, चारदा धरली होती.