फकिराचे अकरा सेकंद

कडुबाचं नाव पडद्यावर येईस्तोवर लोक खुर्च्या सोडून गाड्यांच्या किल्ल्या शोधायला लागलेले असतात. शॉर्टफिल्म असो की माहितीपट, कॅमेरा त्याचा, एडिटिंग त्याचं. हार मात्र दिग्दर्शकाच्या गळ्यात. शिकला कुठं? कुठल्याच कॉलेजात नाही. मुकुंदवाडीच्या लग्नांत, वऱ्हाडाचे धक्के खात शिकला. औरंगपुऱ्यातल्या त्याच्या खोलीत त्या लग्नांच्या कॅसेटी अजून बिस्किटांच्या डब्यांत भरून ठेवल्यात.

परवा दौलताबादहून आवडाबाई आली. नवरा, फकिरा, दिवाळीत वारलेला. फोटो एकच, आधार कार्डावरचा. "चोर धरल्यावानी दिसतेत त्यात."

"आमच्या पुतण्याचं लगीन तुम्हीच काढलं व्हतं, भाऊ. पंधरा-सोळा वर्सं झाली. लग्नाच्या सीडीत सगळं गाव हाय, हेच तेवढे नायत. हालता-बोलता बघायचाय मला माणूस. एकडाव."

कडुबाला फकिरा पक्का आठवत होता. ऐन मंगलाष्टकात कॅमेऱ्यापुढं येऊन त्यानं कडुबाला झापलं होतं. कडुबाचं डोकं असं फिरलं, की एडिटिंगला बसल्यावर जिथं फकिरा दिसला तिथं कात्री! अन् मूळ कॅसेटीवर पुन्हा दुसरं लग्न काढायची तर त्याची जुनी खोड.

दोन दिवस त्यानं डबे उपसले. त्या कॅसेटी चालवायला जुनाच कॅमेरा लागतो. तो मेलेला, खोलून-पुसून जिवंत केला. तिसऱ्या दिवशी फकिरा घावला. अकरा सेकंद. पुढं थेट दुसऱ्याच नवरीची हळद. त्यानं आवडाबाईला बोलावून घेतलं.

"मावशी, आवाज बंद करून लावतो," कडुबा चाचरला. "लई झापलंय त्यांनी मला."

"काय बी बंद करायचं नाय! आवाजासाठीच आलेय मी."

पडद्यावर फेटा घसरलेला फकिरा बोट नाचवत ओरडला, "ए कॅमेरावाल्या, सरक की बाजूला! माझी बायको कवाची टाचा उचलून उभी हाय, तिला काय तुझी पाठ दाखवतो?"

आवडाबाई पदर तोंडाला लावून हसली, डोळे मात्र गळत होते. "हे मला कवा सांगितलं नाय त्यांनी. वरतून म्हणायचे, लग्नात तू कुठं व्हतीस, दिसली नाय. परत लावा."

पडद्यापुढंच खुर्ची टाकून बसलेल्या कडुबानं लावलं. परत. परत.

सातव्यांदा कडुबाच्या ध्यानात आलं, आवडाबाई मान वाकडी करकरून बघतीय. तो खुर्चीसकट बाजूला सरकला.