सहा देवांचा भाऊ

लेतू टेकाम हा नाकासमोर चालणारा माणूस. कोलाम आदिवासींच्या आमच्या वस्तीचा, पोडाचा तो नाईक, म्हणजे म्होरक्या, पण कुणावर आवाज चढवताना मी त्याला कधी ऐकलं नाही. दिवसभर बांबू सोलायचा, टोपल्या विणायचा, आणि लेकीचं, सुनंदाचं नाव निघालं की हातातलं काम टाकून बोलत बसायचा. कोलामाची पोरगी नर्स झाली होती. सरकारी दवाखान्यात तिची निवडही झाली होती. फक्त जातीच्या दाखल्याची पडताळणी व्हायची होती, आणि दिवाळीच्या आत ती झाली नाही तर जागा दुसऱ्याला जाणार होती.

मी सगळी नोकरी या पोडावरच्या शाळेत काढली, म्हणून आमचा पोड म्हणतो. हे लिहिताना तळपायाची आग मस्तकात जाते, ते आधीच सांगून टाकतो.

वसंतराव हा टोपल्यांचा व्यापारी. तालुक्याहून यायचा, गोड बोलायचा. माल घ्यायला आलेला माणूस आणि विचारायचा काय, तर लग्नात आधी कोण हळद लावतं, मढं कसं ठेवता, भीमायक देवाला काय चढवता. लेतूला कौतुक वाटायचं. “आपलं कोन पुसते गुरुजी? हा पुसते तं बरं वाटते.”

एका वर्षी भीमायकाच्या पूजेला वसंतराव आला आणि मुद्दाम पंगतीबाहेर, दूर जाऊन बसला. आमच्याकडं ज्याला देव नाहीत तो पंगतीत बसत नाही. घराण्यागणिक कुणी चार देवांचा, कुणी पाच, कुणी सहा, कुणी सात; पोरांना देव बापाकडूनच येतात. लेतूला पाहुणा बाहेर बसलेला बघवेना. त्यानं वसंतरावाचा हात धरला, देवापुढं नेला, आणि आपले सहा देव त्याला दिले. त्या घटकेपासून तो लेतूचा भाऊ झाला. असा भाऊ नाकारता येत नाही. नाकारला तर नाकारणाऱ्याचेच देव जातात. वसंतराव त्या दिवशी रडला. मला ते रडणं तेव्हाच पटलं नव्हतं.

पुढं जातीच्या दाखल्यांच्या चौकशीचे एक साहेब जीपमधून आले. “वसंतराव तुमचे कोण?”

“भाऊ हाय जी.”

“सख्खा?”

“मंग? भावात काय सख्खा न् चुलत?”

साहेबांनी लिहिलं, चहा घेतला आणि गेले. त्यानंतर वसंतराव टोपल्या न्यायला परत आलाच नाही.

यंदा पडताळणीची रीत बदलली. आता एकेका घराण्याची सगळी वंशावळ संगणकावर एकत्र लावतात, आणि एक दाखला खोटा निघाला की त्या झाडाच्या सगळ्या फांद्या तपासतात. सुनंदाला आनंद झाला. वसतिगृहात तिनं पोड कधी न पाहिलेल्या कोलाम मुली पाहिल्या होत्या. “आता सापडतीन एकेक,” ती म्हणाली. पंधरवड्यात नोटीस आली, आणि ती तिच्याच नावाची होती.

समितीच्या कार्यालयात मी सोबत गेलो. अधिकारी बाई तरुण होत्या, आवाज शांत. वसंतरावाचा दाखला खोटा निघालाय, असं सांगून त्यांनी वंशावळ पुढं ठेवली. लेतूच्या मेलेल्या बापाखाली वसंतराव होता, वसंतरावाचे भाऊ होते, त्यांची पोरं होती, कुणाकुणाचे जावईसुद्धा होते. मी नावं वाचत गेलो तसा लेतूचा चेहरा उतरत गेला.

“बाप्पा! माह्या बापाले येवढी लेकरं कवा झाली?”

कारकून हसला. मॅडम हसल्या नाहीत. “वसंतराव तुमचा भाऊ आहे का? नीट आठवून सांगा.”

सुनंदानं लेतूचा दंड धरला. “बाबा, सांगा ना.”

“नाही,” लेतू म्हणाला, आणि खुर्चीतच खचला.

“मग आधीचा जबाब खोटा होता?”

“तवा खराच होता जी.”

मॅडमनी लेखणी खाली ठेवली. “आजोबा, तुमच्या तोंडच्या शब्दावर आता मला काही करता येणार नाही. पण तुमची पूजा दिवाळीआधी आहे ना? त्या दिवशी मी स्वतः येते. तुम्ही कोलाम असाल तर तिथं दिसेलच.”

परतताना एसटीत सुनंदा पहिल्यांदा हसली. पूजा काय, ती तर घरचीच. लेतू खिडकीबाहेर बघत होता. त्याच्या मनात काय चाललंय ते मला कळलं.

पूजेच्या आदल्या दिवशी मी त्याच्या हातापाया पडलो. सुनंदानं जेवण सोडलं. “एक दिवस बसा ना बाबा पंगतीत! तुमाले कोन उठवनार हाय?”

“कोनी नाही उठवनार,” लेतू म्हणाला. “पन मी भावाले नाही म्हनलो माय. माह्यापाशी आता देव कुठी हाय?”

“तो चोर होता!”

“देव म्या देल्ते. त्यानं नव्हते देल्ते.”

राग असा आला की वाटलं म्हाताऱ्याला धरून गदागदा हलवावं. हलवून काय होणार होतं?

दुसऱ्या दिवशी ढोल वाजले, बोकड पडला, पळसाच्या पत्रावळींवर भाकरी आणि रस्सा वाढला गेला. मॅडम आल्या. त्यांनी सगळं बारकाईनं पाहिलं, आणि मग त्यांची नजर पंगतीच्या पार पलीकडं गेली. जिथं वसंतराव बसला होता, तिथंच लेतू एकटा बसला होता.

“हे बाहेर का बसलेत?”

पूजा करणारा देवारी म्हणजे सुरेभान. त्याला खोटं बोलता येत नाही, आणि देवापुढं तर मुळीच नाही. मी त्याला डोळ्यांनी खुणावत होतो, पण त्याचं लक्ष नव्हतं.

“त्याले देव नाही जी.”

मॅडमनी ते लिहून घेतलं. शेजारी सुनंदा भाकरीची पाटी घेऊन उभी होती. मॅडमनी तिला हळूच विचारलं, “वडिलांना देव नाहीत, तर मग तुमचे किती?”

सुनंदा बापाकडं बघत राहिली. लेतूनं मान वर केली नाही.