गावभर एकच पोरगी

एका पोरीची खरी अडचण मी अख्ख्या गावाच्या तोंडून वदवली आणि खोटी पाडली. सोयाबीनच्या कुटाराचा वास आला की ते आठवतं, कारण मळणीच्याच दिवसांत आम्ही पारावर मोबाईल घेऊन बसलो होतो. शेजारची पोरगी सेनगावला कॉलेजात जायची, पण गावात एसटी येत नसल्याने फाट्यापर्यंत रोज पायी. तिने आपल्या शब्दांत तक्रार लिहून आणली, तर मी म्हटलं, "ठिव ते. एकीनं काय होतंय? आता गाव बोलंल!" मला एक वेबसाइट सापडली होती, तिला गावातल्या सगळ्यांची ईमेल खाती जोडली की ठरल्या वेळी सगळ्यांच्या नावाने एकच मजकूर एसटी डेपोला जायचा. मजकूर अर्थातच माझा: 'माझी पोरगी रोज फाट्यापर्यंत पायी जाते.' तो गेला, मी पेढे वाटले. आठवड्याने डेपोत गेलो तर साहेब हसले, "तुमच्याकडं बिनलग्नाच्या पोरांनाबी कॉलेजातल्या पोरी हायेत व्हय?" घाईघाईने मी तिचा कागद पुढे केला. "हे बी तुमीच लिवलं असंल," म्हणत त्यांनी तो परत सरकवला. दिवाळीनंतर तिने कॉलेज सोडलं. आता ती लेकरू घेऊन माहेरी आली की मी मोबाईल खिशात लपवतो. परवा तिची आई ओट्यावरून बोललीच, "लपवता काहून, भाऊ? माझी पोरगी एकलीच चालत होती. तुमी अख्खं गाव चालवलं, अन् तिला घरी बसवलं."