ताराबाईंचं खरं नाव

गेल्या रविवारी वसुधाताईंसोबत त्यांच्या गावी गेलो होतो, संगमेश्वरच्या आतल्या अंगाला. काम छोटंसंच... त्यांच्या आईची परवानगी घ्यायची.

वसुधाताई समाजधोरणाच्या अभ्यासक. दिल्लीत प्राध्यापकी केली, सरकारी समित्यांवर काम केलं, इंग्रजीत चार पुस्तकं लिहिली. पहिलं पुस्तक चाकरमान्यांच्या मागे गावात घर चालवणाऱ्या बायकांवर... आता ते मराठीत येतंय आणि अनुवाद मी केलाय. कॉलेजची पायरी चढलो नाही, इंग्रजी डिक्शनरी उशाला घेऊन शिकलो. हे सांगताना छाती जरा फुगतेच.

या अभ्यासात माहिती देणाऱ्यांची नावं बदलतात. पुस्तकातली 'ताराबाई' म्हणजे ताईंची आई, शेवंतीकाकी. पण नियम म्हणजे नियम, ताईंनी हे घरीसुद्धा कधी सांगितलं नाही. लेकीच्या एवढ्या पुस्तकांत आपण कुठेच नाही... ही सल काकींच्या मनात राहिली. मराठीत तरी खरं नाव छापावं, अशी ताईंची फार इच्छा.

पडवीत काकी तांदूळ पाखडत होत्या. त्यांना मी ताराबाईचं पान वाचून दाखवलं. रेशनकार्डासाठी गेलेल्या ताराबाईला कचेरीत विचारतात, "कुटुंबप्रमुख कुठाय?" नवरा मुंबईला. शेत, गुरं, पोरं सगळं तीच बघते, तरी तिला परत पाठवतात... सोबत पदर धरून लहान मुलगी.

काकींचा सुपातला हात थांबला. "ही मीच की गो! नि ती रडवी तू."

"मी नव्हते रडले."

"व्हय तर! रस्ताभर."

ताईंनी मग नावाचं विचारलं. काकींनी सूप बाजूला ठेवलं.

"नको बाय. बाकीच्या बायकांनी पण तुला मनातलं सांगितलं ना? त्यांची नावं झाकलीस, नि माझं तेवढं उघडं? बरं दिसत नाय. ताराच ऱ्हाऊ दे."

ताईंचा चेहरा उतरला. परतताना गाडीत, हातखंब्याला आल्यावर एकदम म्हणाल्या, "आत ताराबाईच ठेवा. पण मुखपृष्ठावर माझ्या नावापुढे, आडनावाआधी, शेवंती घाला."

असल्या बाबतीत मला तसूभर फरक चालत नाही. म्हटलं, "ताई, चारही पुस्तकांवर नुसतं नाव-आडनाव आहे. लायब्ररीवाले दोन वेगळ्या लेखिका समजतील..."

"समजू देत की! आईचं नाव लावायला लायब्ररीला विचारू?"

काल मुखपृष्ठाचं प्रूफ आलं. ताईंच्या सांगण्यावरून मीच काकींना फोन लावला आणि लेखिकेचं नाव वाचून दाखवलं, पूर्ण, मधल्या शेवंतीसकट.

पलीकडून हळूच आवाज आला, "परत वाच रे."

परत वाचलं. आयुष्यात पुष्कळ वाचलंय मी, पण माझं वाचणं इतकं जिवाचा कान करून कुणी ऐकलं नव्हतं...