पदराआडचं हसू

टेमघरच्या माझ्या बहिणींनो, २००६ साली मी जपानला निघाले तेव्हा तुम्ही सगळ्या भाड्याच्या जीपमध्ये दाटीवाटीने बसून विमानतळावर आला होतात. माझ्याबरोबर जाणाऱ्या ऑफिसातल्या दोघी शेजारी उभ्या होत्या. आई माझ्याकडे बघून हसली आणि मिश्री लावून लावून काळे पडलेले तिचे दात दिसले. मी तिच्या कानाशी पुटपुटले, "आई, यांच्यासमोर हसू नको ना." तिने पदर तोंडावर ओढला. काचेपलीकडून मी हात हलवला, तेव्हाही पदर तसाच होता.

वास्तविक मला तरी काय हक्क होता? मीच रंगाने काळी. "उनान जाव नको गं, काली परशील," हे आईचं पालुपद. स्थळांना दाखवायच्या फोटोत भिवंडीच्या स्टुडिओवाल्याने माझा चेहरा इतका उजळवला, की दोन स्थळं मला प्रत्यक्ष बघून चहा न घेताच उठली. त्याच आठवड्यात मी ठाण्याला जपानीच्या क्लासला नाव घातलं.

ओसाकात भाषा सुधारावी म्हणून थिएटरात जुने सिनेमे बघू लागले. एकात व्यापाऱ्याची बायको आरशापुढे बसून दात काळे करत होती, मुद्दाम. जुन्या काळी तिथे लग्न झालेल्या बाईचं तेच खरं रूप मानायचे. शेजारी बसलेली ऑफिसातली सहकारी हळूच म्हणाली, "किती सुंदर दिसतेय." मग त्या बाईने हसताना किमोनोची बाही तोंडावर धरली, आणि मी उठून बाहेर आले. नव्या सिनेमांतल्या नायिकांचे दात शुभ्र असतात, चेहरे मात्र पूर्वीइतकेच गोरे. मी उन्हात निघाले की ऑफिसातल्या बायका माझ्या हातात छत्री देतात. बाईने कसं दिसावं हे ठरवणारं कुणीतरी सगळीकडे असतंच. विमानतळावर ते कुणीतरी मी होते, याची मला अजून लाज वाटते.

गेल्या दिवाळीत धाकट्या बहिणीने आईला सायबर कॅफेत नेलं. कॅमेऱ्यासमोर ती पदर तोंडावर धरूनच बसली.

"आई, पदर काढ ना. मला तुझं हसू बघायचंय."

"बाजूला तुझ्या हापिसातली कोन हाय का?"

"कोणी नाही गं."

तिने पदर सारखा केला. "ऱ्हाऊ दे. आता सवय झाली."

तुम्ही विचारता, घरची आठवण येते का. येते. विमानतळावर मी अडवण्याआधी आई जशी हसली होती, ते हसू माझं घर. ते आता टेमघरलाही नाही.