आईची सवत

बाबा गेल्यानंतर काही दिवस मी एका बाईच्या शोधात होतो. माझ्या बापाच्या दुसऱ्या बायकोच्या. आज हे लिहिताना हसू येतं, पण तेव्हा मी अगदी मनापासून शोधत होतो, आणि त्याची लाज अजून गेलेली नाही.

बाबा सरकारी खात्यात होते. कालव्याच्या पाण्यावर देखरेख ठेवायचं काम, राहणं रोह्याजवळच्या क्वार्टरमध्ये. पेणजवळच्या गावात आई, मी आणि बाबांची चुलती. तिला अख्खं गाव मोठीआई म्हणायचं. बाबा सुट्टीला यायचे. नोकरीत असतानाच ते गेले आणि आईनं फॅमिली पेन्शनचा अर्ज केला. "कोणापुढं हात पसरायचा नाय मला. तुझ्यापुढं पन नाय," असं तिनं मला बजावलं होतं.

अर्ज घेऊन मी एकटाच रोह्याला गेलो. कारकुनानं आईचं रेशनकार्ड पाहिलं, बाबांचं सर्व्हिस बुक पाहिलं, मग बराच वेळ माझ्याकडे पाहिलं. घरातलीच गोष्ट असल्यासारखा आवाज खाली आणून तो म्हणाला, की पत्नी म्हणून इथे दुसऱ्याच बाईचं नाव आहे. ती कोण ते आधी बघा. ती हयात असेल आणि आधीची असेल, तर तुमच्या आईला पेन्शन मिळणं कठीण.

ते नाव मी कधी ऐकलंही नव्हतं.

तिथून निघालो तो थेट क्वार्टरकडे. कोपऱ्यावर चहाची टपरी होती. मी कोण ते न सांगता टपरीवाल्याकडे बाबांच्या घरच्यांची आडूनआडून चौकशी केली.

"वहिनी ना? यायच्या की मधूनमधून," तो म्हणाला. "भाऊ हाक मारायचे ती रस्त्यापर्यंत ऐकू यायची." आणि त्यानं नेमकं तेच नाव घेतलं. वर हेही सांगितलं, की वहिनी आल्या की भाऊ गरम भजी बांधून न्यायचे आणि तळलेल्या मिरच्या जास्तीच्या मागून घ्यायचे.

पेणच्या एसटीत नागोठण्यापर्यंत मी त्या बाईचा राग राग केला. नागोठणं गेल्यावर तिची कीव यायला लागली. बाबा गेल्याचं तिला कोणी कळवलं तरी असेल का? पेण येईपर्यंत मी तिला धाकटी आई मानून मोकळा झालो होतो आणि पेन्शन निम्मी निम्मी वाटून टाकली होती. आपली आई मिरच्या नुसत्या चावून खाते, हे मात्र एकदाही डोक्यात आलं नाही.

आईला सांगितलं, साहेब रजेवर आहेत. ती रोज विचारायची, मी रोज साहेबांची रजा वाढवायचो. शेवटी एका दुपारी ती अंगणात वाल सोलत बसली होती, तेव्हा मी मान खाली घालून सगळं सांगितलं. नावही सांगितलं.

आईचे हात थांबले. मग तिचे खांदे हलायला लागले. मी धरायला पुढे झालो, तर ती हसत होती. बाबा गेल्यापासून पहिल्यांदाच. मांडीवरचे वाल अंगणभर उधळले.

"अरे खुळ्या," ती म्हणाली, "ती मीच हाय."

लग्नात बाबांनी ताटातल्या तांदळात अंगठीनं तिचं नवं नाव लिहिलं, स्वतःच्या आवडीचं. मोठीआईचं नाव तेच आहे हे त्यांना ठाऊकच नव्हतं. घरात मोठीआईला नावानं हाक मारणारं कोणी उरलंच नव्हतं. मोठीआई भर मांडवात रुसली. उद्या हिच्यावर ओरडाल ते माझ्या नावानं का, म्हणून. तेव्हापासून घरात, रेशनकार्डावर, मतदार यादीत आईचं माहेरचंच नाव चाललं. सर्व्हिस बुकात मात्र बाबांनी तांदळातलं नाव घातलं.

"आणि क्वार्टरवर यायची ती?"

आई चक्क लाजली. तिचं माहेर जिते, पेणच्या पुढं पनवेलच्या बाजूचं गाव. जित्याला माहेरी जाते असं मोठीआईला सांगून ती निघायची आणि पेण स्टेशनवरून उलट्या बाजूची, रोह्याची गाडी धरायची. मामीनं दिले म्हणून मी इतकी वर्षं जे पोह्याचे पापड खात होतो, ते पेणच्या बाजारातले होते.

दोन्ही नावांची बाई एकच असल्याचं प्रतिज्ञापत्र झालं, पण लग्नाला हजर असलेलं माणूसही आणा, असं कारकुनानं सांगितलं. आमच्या घरात तसं चालतं-बोलतं माणूस एकच उरलं होतं. मला वाटलं मोठीआई नाही म्हणेल. ती सकाळीच नवं लुगडं नेसून ओटीवर येऊन बसली.

कचेरीत कारकुनानं तिला विचारलं, लग्नात हिचं नाव काय ठेवलं?

"माझं पळवलं, तेच."

"आजी, पण ते काय?"

मोठीआईनं पाठ ताठ केली आणि खणखणीत आवाजात ते नाव घेतलं.

"ओ," आई म्हणाली.

आपण हाकेला ओ दिली हे आईचं तिलाच कळलं नव्हतं. कळलं तशी तिनं पदर तोंडात कोंबला, पण तोवर मोठीआई बोळक्या तोंडानं हसत सुटली होती आणि कारकुनानं पेन खाली ठेवलं होतं. डोळे पुसत त्यानं मोठीआईचा अंगठा घेतला. आईची पेन्शन पुढे यथावकाश मंजूर झाली.

परतताना रोह्याच्या स्टेशनवर पनवेलची गाडी उभीच होती. पायरीवर पाय ठेवून मोठीआई थांबली.

"जित्याला जायची तुझी गाडी ती हीच काय गो?"

"जाते की जित्याला," आई म्हणाली. "पेनच्या पुढं."

दोघी खिडकीशी बसून नागोठण्यापर्यंत हसत होत्या. समोरच्या बाकावर मी मनात बाबांची माफी मागायचा प्रयत्न करत होतो, पण हसू आवरत नसल्यामुळे ते काही नीट जमलं नाही.