जुनं करणारे अप्पा

नवी वस्तू ज्याच्या डोळ्यांना सहनच होत नाही असा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, आणि तो भेटायला मला म्हातारपणी जपानात यावं लागलं. टोकियोतल्या फुनाबोरीत ते आमच्या वरच्या मजल्यावर राहत. मूळचे हंगेरीचे. सिनेमासाठी घरं, दुकानं, तुरुंग, देवळं उभी करायची आणि ती शंभर वर्षांची दिसतील अशी करायची, हा त्यांचा धंदा. एका सिनेमासाठी तीन महिन्यांकरता टोकियोत आले आणि तीस वर्षं राहिले. का, म्हणून विचारलं तर म्हणाले, "रंग वाळायची वाट बघत होतो."

पहिल्यांदा लिफ्टमध्ये भेटले तेव्हा पांढरी दाढी, नखांत रंग आणि काखेत कुणीतरी टाकून दिलेलं स्टूल. मी आपली सवयीने म्हणाले, "काय अप्पा, कुठे निघालात संसार घेऊन?" ते असे दचकले की स्टूल माझ्या पायावर पडलं. त्यांच्या भाषेत अप्पा म्हणजे बाप, हे सुनेने मागाहून त्यांच्याकडूनच काढून घेतलं. बुडापेस्टला त्यांची एकुलती मुलगी, तीच काय ती त्यांना तशी हाक मारणारी. मी काही हाक बदलली नाही. त्यांनीही माझ्या नातीचं ऐकून मला आजी म्हणायला सुरुवात केली. माझ्याहून चार वर्षांनी मोठा माणूस! मी त्यांना बाप म्हणायचं आणि त्यांनी मला आजी. इमारतीतल्या लोकांनी आमचं काय नातं लावलं असेल देव जाणे. बोलणं चाले दोघांच्याही मोडक्या जपानीत, आणि गाडी अडली की सून इंग्रजीतून मध्ये पडे.

इथे कचरा टाकणं हे मोठं शास्त्र आहे, जळणारा आज, धातूचा उद्या. सगळी इमारत कचरा खाली नेई, अप्पा तो वर आणत. एकदा मी तळ जळलेली कढई टाकली, तर दहा मिनिटांत हे कढई छातीशी धरून दारात. "आजी, दामे!" दामे म्हणजे चालणार नाही. "हा काळा रंग आणायला मला दोन दिवस लागतात, आणि तुम्ही टाकता?"

"मला तो काढायला दोन दिवस लागतात, म्हणूनच टाकते," मी म्हटलं. कढई घेऊन गेले. हात चालता राहावा म्हणून घरच्या छतावर त्यांनी पाणी गळल्याचा डाग रंगवला होता. घरमालकाचा माणूस तपासणीला आला आणि घाबरून प्लंबर घेऊन आला. दोघं तासभर तो कोरडा डाग चाचपत होते आणि अप्पा त्यांना चहा देत होते. एवढी शाबासकी त्यांना कुठल्या बक्षिसाने दिली नसेल.

मग त्यांच्या डोळ्यांनी दगा दिला. बारीक रेघ दिसेना. मुलगी फोनवर म्हणे, आता परत या. हे म्हणत, एक काम राहिलंय. ते काम म्हणजे एका सिनेमासाठी मुंबईतलं पन्नास वर्षांपूर्वीचं स्वयंपाकघर, आणि मुंबई त्यांनी जन्मात पाहिली नव्हती. "शेवटचं खोटं ठरलं तर आधीची सगळी खोटी ठरतील," असं सुनेला म्हणाले. एका शनिवारी आम्हा दोघींना स्टुडिओत घेऊन गेले.

मी पाहिलं आणि तोंडात आलं ते बोलले. "अप्पा, या घरातली बाई आजारी होती का?" भिंती मळकट, डबे चिकट, आणि पितळेचे हंडे काजळीने काळे केलेले. "आमच्याकडे पितळ काळं राहिलं असतं तर सासूने घरात घेतलं नसतं. जुनं म्हणजे घाण नव्हे. जुनं म्हणजे घासून घासून झिजलेलं." सून भाषांतर करायला तयार होईना. मी म्हटलं, जसंच्या तसं सांग.

चार दिवस अप्पा दिसले नाहीत. पाचव्या दिवशी दारात उभे, हातांची सालटी निघालेली. निशि-कासाईच्या आपल्या भारतीय दुकानातली सगळी चिंच त्यांनी उचलली होती आणि हंडे स्वतः घासले होते. "आता मळ कुठेच नाही," अगदी रडवेले होऊन म्हणाले. "कुठेतरी असेल ना?"

मी जमिनीवर बसले आणि उठून दाखवलं. उठताना हात भिंतीला टेकतो, रोज तिथेच. तेवढाच एक डाग. तसा तो आमच्या इथल्या भिंतीवरही पडतो आणि सून तो पुसून काढते, कारण घर भाड्याचं, सोडताना होतं तसं परत द्यायचं. अप्पांनी माझ्या हाताची उंची दोरीने मोजून घेतली.

शूटिंगला मी गेले नाही, गुडघे नेत नाहीत. अप्पा येऊन म्हणाले, कॅमेरा खिडकीकडे होता, डाग सिनेमात दिसणारच नाही. मी म्हटलं, "मग एवढा खटाटोप कशाला केलात?"

"मुंबईहून आलेली नटी जेवण वाढून उठली ना, तिचा हात न बघता तिथेच गेला. कुणी सांगितलं नव्हतं, आजी." आणि बसून नाक पुसत राहिले. मी पिठलं-भात वाढला.

दोन महिन्यांनी ते मुलीकडे गेले. निघायच्या आदल्या दिवशी जेवायला आले होते. मी ओट्याशी पोळ्या करत होते आणि ते माझ्या पाठीमागे रंगाची डबी घेऊन काहीतरी खुडबुडत होते. मी वळले तसे लहान मुलासारखे हात मागे लपवून उभे राहिले.

सून परवा भिंत घासून घासून थकली. "आई, हा डाग जात कसा नाही हो?"

"जुना आहे," मी म्हटलं. "राहू दे."

तसा तो चुकलाय. अप्पांचे डोळे धड नव्हते, दोन बोटं वर काढलाय. मी आता उठताना हात दोन बोटं वर टेकवते.